वेडी बाभूळ आणि शहाणी माणसे

एखाद्या झाडाला 'वेडे' म्हणावे, असे त्या झाडाने केले तरी काय? आपल्याकडे पिंपळावर मुंजा बसवला गेला, चिंचेवर भुते बसवली गेली, उंबराला दत्तगुरूंचे सान्निध्य लाभले. पण अकलेवरून परीक्षा झाली ती एकट्या या बाभळीची. वेडी बाभूळ! शिरूर-दौंडकडच्या कोणत्याही शेतकऱ्याला विचारा, नावाचे कारण तो एका दमात सांगेल. लावावी लागत नाही, पाणी मागत नाही, तोडली तर एकीच्या दहा होतात, कोठे उगवावे आणि कोठे उगवू नये याचा पाचपोच नाही. मग वेडी नाही तर काय? गमतीची गोष्ट अशी, की गुजरातेतल्या माणसालाही नेमके हेच वाटले. कच्छमध्ये तिला 'गांडो बावळ' म्हणतात, म्हणजे वेडा बाभूळच. बाकीच्या प्रांतांनी मात्र तिच्या अकलेपेक्षा तिचे गाव काढले. तमिळनाडूत ती 'सीमै करुवेलम', म्हणजे साहेबाच्या मुलखातली बाभूळ. राजस्थानात 'अंग्रेजी बबूल'. आणि कर्नाटकाने तर तिला आपल्याच एका जिल्ह्याच्या पदरात घालून 'बळ्ळारी जाली' करून टाकले. घरातल्या कर्त्या पुरुषाने केलेला घोटाळा शेजारच्या आळीच्या नावावर खपवावा, त्यातला हा प्रकार.

अलीकडे या झाडाविरुद्ध बरेच बोलले जाते. ग्रामसभेत ठराव होतात, पर्यावरण दिनाच्या भाषणात तिचा उद्धार होतो, आणि 'वेडी बाभूळ हटवा' ही घोषणा ऐकू आली की आपण सगळे माना डोलावतो. ती काढली पाहिजे, याबद्दल माझेही दुमत नाही. पण ज्या तऱ्हेने आपण तिला एकटीला पिंजऱ्यात उभी करतो, ती तऱ्हा मला पसंत नाही. कारण हा खटला नीट चालवायचा म्हटला, तर साक्षीपुराव्यात आपली शहाण्या माणसांची नावे वारंवार निघतील. आणि ज्यांची चूल या झाडावर पेटते त्यांना आजवर कोणी साक्षीलाही बोलावलेले नाही, हे उघडे पडेल.

आधी आरोपीची ओळख पटवून घेऊ, कारण शहरातून आलेले आपले काही मित्र प्रत्येक काटेरी झाडाला बाभूळच समजतात. आपली गावठी बाभूळ निराळी. तिला पिवळेधमक गोल गोंडे येतात, शेंगा मण्यांच्या माळेसारख्या असतात. तिच्या लाकडाचा नांगर होतो, वखर होतो, बैलगाडीच्या चाकाला तेच लाकूड लागते. तिचा डिंक बाळंतिणीच्या लाडवात पडतो. तिच्यातली 'रामकाठी' ही जात तर सरळ उंच वाढते आणि पिकावर फारशी सावली टाकत नाही, म्हणून शेतकरी तिला बांधावर हौसेने राहू देतो. वसंत बापटांच्या 'बाभुळझाड' या कवितेमुळे तिला मराठीच्या तासालाही मान मिळाला. वेड्या बाभळीच्या वाट्याला यातले काही आले नाही. तिची फुले फिकट पिवळी, लांबट तुऱ्यासारखी. शेंगा पिवळसर, चपट्या, किंचित वाकड्या आणि चवीला गोड. बुंध्यापासूनच फांद्या फुटतात आणि त्या जमिनीकडे झुकतात, त्यामुळे सुताराने हातात घ्यावे असे सरळ लाकूड तिच्यात क्वचितच सापडते.

मात्र कुळाचा विचार केला तर तिचे नाते गावठी बाभळीपेक्षा शमीशी जवळचे आहे. तीच शमी, जिच्या ढोलीत पांडवांनी शस्त्रे ठेवली असे महाभारत सांगते आणि जिची दसऱ्याला आपण पूजा करतो. राजस्थानात तिलाच खेजडी म्हणतात, आणि १७३० साली मारवाडात खेजडली गावी याच झाडासाठी ३६३ बिश्नोई स्त्रीपुरुषांनी प्राण दिले. वनस्पतिशास्त्रज्ञांनी या दोघींना दीर्घकाळ 'प्रोसोपिस' या एकाच आडनावाखाली ठेवले होते. २०२२ मध्ये मात्र त्यांनी घराच्या वाटण्या केल्या. शमी जुन्या आडनावाने राहिली आणि वेडी बाभूळ 'नेल्टुमा' या निराळ्या घरात गेली. एकीला देव्हारा आणि दुसरीला कुऱ्हाड, हे आपण आधीच ठरवले होते. शास्त्रज्ञांनी फक्त कागदोपत्री फारकत दिली.

तिचे माहेर मेक्सिको, मध्य अमेरिका, कॅरिबियन बेटे आणि दक्षिण अमेरिकेचा उत्तर किनारा. जमैका बेटावरच्या झाडावरून स्वार्ट्झ नावाच्या स्वीडिश वनस्पतिशास्त्रज्ञाने १७८८ मध्ये तिचे पहिले शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केले. अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडील कोरड्या मुलखात तिच्या सख्ख्या बहिणी राहतात. तिकडे त्यांना 'मेस्कीट' म्हणतात. तिथले मूळ रहिवासी या शेंगा वाळवून, कुटून, त्यांचे पीठ करून पिढ्यान् पिढ्या खात आले आहेत. म्हणजे जे झाड आपल्याकडे शिवीसारखे उच्चारले जाते, ते तिकडे अन्नपूर्णा होते. आणि चिवटपणा म्हणाल तर तो रक्तातलाच. अॅरिझोना प्रांतात टक्सनजवळच्या एका उघड्या खाणीत मेस्कीटचे मूळ जमिनीखाली ५३ मीटरवर सापडल्याची नोंद आहे. आपल्याकडची विहीर शंभर फुटांवर कोरडी पडली की आपण हात टेकतो. हिचे कुळ त्याच्या दीडपट खाली जाऊन पाणी पिऊन येते! टेक्सासमधले गुरेवालेसुद्धा या झाडांना कंटाळलेले आहेत, हेही सांगितले पाहिजे. तेव्हा परदेशात आली म्हणून बिघडली, असे काही नाही. गुरांच्या पोटातून बी नेऊन कुरणे व्यापण्याची खोड तिच्या कुळात माहेरीही होती.

मग ती येथे आली कशी? आली नाही, आणली. १८७७ च्या सुमारास मद्रास इलाख्यातील वनखात्याने जमैकाचे बी मागवून कडप्पा जिल्ह्यात पेरले. हेतू अगदी शहाणपणाचा होता: कोरड्या, उजाड मुलखात जळण हवे होते. दुसऱ्याच वर्षी सिंधमध्ये प्रयोग झाला. मारवाडात तर तिचे असे कोडकौतुक झाले, की १९४० मध्ये जोधपूर संस्थानाने तिला 'शाही वृक्ष' म्हणून जाहीर केले. तेथल्या विमानवेड्या महाराजांनी विमानातून तिचे बी उधळले, असेही सांगतात. स्वातंत्र्य आले तरी धोरण बदलले नाही. कच्छचे रण पुढे सरकू नये म्हणून १९६१ च्या सुमारास बन्नी या नामांकित गवताळ प्रदेशाच्या कडेने सरकारी वनखात्याने हजारो हेक्टरांवर तिची लागवड केली. रण थांबले की नाही यावर पंडितांनी वाद घालावा. पण बन्नीच्या म्हशी ज्या गवतावर पोसल्या जात त्या गवतात झाड घुसले, ते आजतागायत निघालेले नाही.

आपल्या भागात म्हातारी माणसे सांगतात की सरकारने हेलिकॉप्टरमधून बी टाकले. हीच गोष्ट थोड्याफार फरकाने तमिळनाडूतही ऐकायला मिळते, त्यामुळे तिच्या खरेखोटेपणात मी शिरत नाही. मला तिच्यातली समजूत महत्त्वाची वाटते. गावाला न विचारता कोणी तरी वरून काही तरी टाकले आणि निस्तरायचे मात्र खालच्यांनी, हा लोकांचा अनुभवच त्या गोष्टीतून बोलतो.

पण वरून बी पडले म्हणून सगळीकडे झाड उगवत नाही. ती कोठे उगवते आणि कोठे उगवत नाही, हे डोळे उघडे ठेवून पाहा. शिरूर आणि दौंड या दोन तालुक्यांच्या मधून भीमा वाहते. अलीकडे-पलीकडे पाण्याखालचा उसाचा पट्टा आहे. त्या उसात तुम्हाला वेडी बाभूळ दिसते का? शोधूनही सापडणार नाही. चिंचणीच्या घोड धरणाचे किंवा चासकमानचे पाणी ज्या रानाला मिळते आणि जेथे वर्षातून दोनदा नांगर फिरतो, तेथे ती पाऊलही टाकत नाही. ती दिसते कोठे? गायरानात. ओढ्याच्या काठाने. वाळू उपसून खड्डे पडलेल्या नदीच्या पात्रात. कालव्याच्या भरावावर, रेल्वेमार्गाच्या दुतर्फा, बंद पडलेल्या शाळेच्या पटांगणात, आणि भाऊबंदकीच्या दाव्यात वीस-वीस वर्षे पडीक राहिलेल्या शेतात. थोडक्यात, ज्या जमिनीला धनी नाही किंवा धन्यांचे एकमत नाही, ती जमीन तिची. महसूल खात्याच्या सात-बाऱ्यापेक्षा ही नोंद अधिक खरी मानावी, असे मी गमतीने नव्हे, गंभीरपणे म्हणतो.

कधी काळी गायरानाला धनी होता. सगळे गाव त्याचे धनी होते. गुराखी होता, चरायचे दिवस ठरलेले होते, पवन्या, मारवेल, डोंगरी, कुसळी ही गवते होती. पुढे संकरित गाई आल्या, त्या दावणीला बांधून उसाच्या वाढ्यांवर आणि पेंडीवर पोसल्या जाऊ लागल्या. दुधाचे पैसे ज्याच्या घरात आले त्याला गायरानाची गरज उरली नाही. गरज उरली ती शेळीवाल्यांना आणि मेंढपाळांना, आणि त्यांचा शब्द गावात चालत नाही. अशा ओरबाडलेल्या माळावर शेळ्यामेंढ्यांनी गोड शेंगा खाल्ल्या. बी पोटात पचत नाही, उलट त्याचे कठीण कवच पोटातल्या रसांनी मऊ होते आणि लेंडीच्या खतासकट ते जमिनीवर येऊन पडते. याहून चांगली पेरणी कोणता कृषी अधिकारी करील? एकदा झाड वाढले की त्याच्या दाट सावलीत आणि पाल्याच्या थरात गवत तग धरत नाही. गवत गेले की शेळी पुन्हा शेंगांकडेच वळते. असा हा गाडा स्वतःच्या वंगणावर चालतो.

नुकसान किती, हे लपवून ठेवण्यात अर्थ नाही. आपला हा पूर्वेकडचा कोरडा पट्टा, दौंडपासून बारामती, इंदापुरापर्यंतचा, हा मुळात गवताचा प्रदेश आहे. चिंकारा, लांडगा, खोकड, माळटिटवी ही मोकळ्या माळावर जगणारी जनावरे-पाखरे. बारामती तालुक्यात सुप्याजवळ चिंकाऱ्यांसाठी मयूरेश्वर अभयारण्य आहे, ते याच माळाच्या आधारावर. मोकळ्या रानात दूरवर पाहून पळणाऱ्या प्राण्याला काटेरी जाळी म्हणजे तुरुंग. आपण 'झाड म्हणजे चांगले आणि गवत म्हणजे पडीक' अशी समजूत शाळेपासून करून घेतली, वृक्षारोपणाच्या फोटोंनी ती पक्की केली, आणि माळाचा बळी दिला. ओढ्या-नाल्यांच्या पात्रात ही झाडी माजली की गाळ अडतो, पात्र अरुंद होते आणि पुराचे पाणी शेतात शिरते. काटा पायात मोडला तर ठणका दिवसेंदिवस राहतो; सायकलच्या टायरचे काय होते हे आपल्यापैकी सायकलवर कॉलेजला आलेल्या कोणालाही सांगायला नको. त्यात शिरूर-जुन्नर-आंबेगाव भागात बिबट्याची धास्ती. त्याचे मुख्य घर उसात असले तरी गावालगतची प्रत्येक काटेरी जाळी आता संशयाची झाली आहे, आणि २०२५ मध्ये पिंपरखेड परिसरात माणसे बळी पडल्यानंतर ही धास्ती कोणी हसण्यावारी नेऊ नये.

केनियातल्या बरिंगो सरोवराकाठच्या इलचामुस लोकांनी तर या झाडाविरुद्ध सरकारलाच न्यायालयात खेचले. १९८० नंतर तेथे मोठ्या शहाणपणाने, परदेशी मदतीच्या योजनेतून त्याची लागवड झाली होती. २००६ साली दाखल केलेल्या दाव्यात त्यांनी पुरावा म्हणून काय हजर केले? एक बोकड्या तोंडाची शेळी! गोड, चिकट शेंगा खाऊन खाऊन तिचे दात पडले होते. वकिलांच्या युक्तिवादापेक्षा त्या शेळीचे तोंड अधिक बोलले असेल.

इथवर ऐकून कोणी म्हणेल, झाले तर मग. आणा जेसीबी आणि उपटा. येथेच मी आडवा येतो.

सकाळी सहाच्या सुमारास कोणत्याही वाडीवर जा. बाया डोक्यावर चुंबळ ठेवून मोळ्या आणताना दिसतील. त्या मोळीत काय असते? आंब्याचे लाकूड नसते, सागाचे नसते. नव्वद वेळा वेडी बाभूळच असते. घरात गॅसची शेगडी आलेली असते, हे खरे. २०१६ पासून उज्ज्वला योजनेत सिलिंडर घरोघर पोचले, हेही खरे. पण रिकामे सिलिंडर भरून आणायला रोख पैसे लागतात आणि आंघोळीच्या पाण्याचा बंब, बाजरीच्या भाकरीची चूल आणि लग्नाकार्याची चुलवणे अजून लाकडावरच पेटतात. तिचे लाकूड ओले असतानाही बऱ्यापैकी जळते, निखारा टिकतो. ज्या बाईला स्वतःचे गुंठाभर रान नाही, तिला साऱ्या शिवारात विचारल्याशिवाय तोडता येईल असे झाड हेच एक. बांधावरची रामकाठी तोडली तर मालक कोयता हिसकावून घेईल. वेड्या बाभळीला धनी नाही, हाच तिचा गुण. दुष्काळी वर्षात गवताची काडी नसते तेव्हा शेळ्या जगतात त्याही तिच्याच शेंगांवर. मधमाश्यांनाही ती फुलोरा देते, पण मधमाश्या मतदान करीत नाहीत, तेव्हा तो मुद्दा सोडून देऊ.

आणखी एक माणूस या झाडावर जगतो, त्याच्याकडे तर आपले लक्षच जात नाही. पावसाळा सरला की रायगड जिल्ह्यातली कातकरी कुटुंबे उचल घेऊन घाटावर येतात. पुणे, सोलापूर, अहिल्यानगर जिल्ह्यांत आणि थेट कर्नाटकापर्यंत पांगतात. माळावर पाल ठोकायची, नवरा-बायकोने वेडी बाभूळ तोडायची, लाकडे रचून, माती लिंपून भट्टी लावायची आणि रात्रंदिवस राखण करून कोळसा काढायचा. भट्टीने एके ठिकाणी जरी तोंड उघडले तरी सगळ्या लाकडाची राख होते, म्हणून झोपही पाळीपाळीने. पोरे त्याच धुरात वाढतात, शाळा बुडते. हिशेब शेवटी मुकादमाच्या वहीत, आणि उचल फिटली की नाही हे तीच वही सांगणार. तो कोळसा जातो कोठे? हॉटेलांच्या तंदूरभट्टीत. रात्री हमरस्त्यावरच्या धाब्यावर बसून तंदुरी रोटी मोडणाऱ्यांनी आणि दुसऱ्या दिवशी परिसंवादात वेड्या बाभळीवर तोंडसुख घेणाऱ्यांनी हा धागा एकदा हाताने चाचपून पाहावा. कोळशाला मागणी आहे, झाड फुकट आहे आणि मजूर अडलेला आहे; मग धंदा कोणाचा होतो हे सांगायला अर्थशास्त्राचा तास नको.

म्हणून 'हटवा' म्हणणाऱ्यांना माझा पहिला प्रश्न हा, की हटवल्यावर ती जमीन कोणाच्या ताब्यात जाणार? गायरानावर काटे आहेत तोवर कोणी बड्याने तेथे कुंपण घातलेले नाही. साफ, सपाट केलेल्या गायरानावर मात्र अनेकांचे डोळे असतात. रांजणगाव आणि कुरकुंभच्या औद्योगिक वसाहतींमुळे आपल्याकडे जमिनीला आलेला भाव सर्वांना ठाऊक आहे. काटे काढायचे पंचायतीच्या पैशाने आणि फळ खायचे तिसऱ्यानेच, असे होणार असेल तर ते काटे राहिलेले बरे, असे म्हणण्याची पाळी माझ्यासारख्यावर येते.

दुसरा प्रश्न पद्धतीचा. तमिळनाडूत २०१७ च्या आरंभी उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठाने ही झाडे सरसकट उपटण्याचे आदेश दिले. जिल्ह्याजिल्ह्यांत यंत्रे निघाली. काही महिन्यांतच, आधी शास्त्रीय अभ्यास व्हावा या मुद्द्यावर, त्या कामाला न्यायालयातूनच स्थगिती मिळाली. यंत्राने माती उलथीपालथी होते, जुने दडलेले बी वर येते, आणि पहिल्या पावसाबरोबर पूर्वीच्या एका झाडाच्या जागी पन्नास रोपे उभी राहतात. तिसरे वर्ष उजाडेपर्यंत ठेकेदाराचे बिल निघालेले असते आणि जाळी पूर्ववत झालेली असते.

कोणी जुन्या माणसांच्या आठवणीने म्हणेल, फड्या निवडुंगाचे जसे झाले तसे एखाद्या किड्याने होणार नाही का? फड्या निवडुंगही अमेरिकेचाच. एके काळी त्याने दख्खनमधली गावकुसे आणि माळ वेढून टाकले होते; १९२६ मध्ये श्रीलंकेतून आणलेल्या एका जातीच्या किड्याने त्याचा फन्ना उडवला. नवल खरेच, पण ते सर्वत्र घडत नाही. दक्षिण आफ्रिकेने १९८७ मध्ये मेस्कीटच्या बिया खाणारे भुंगे मुद्दाम आणून सोडले. झाडे तेथून हटलेली नाहीत. तेव्हा किड्याची वाट पाहत बसण्यात अर्थ नाही.

आणि परकी म्हणून हाकला, हा युक्तिवाद तर मुळीच करू नये. परकेपणाचा नियम लावला तर मिरची, भुईमूग, मका, टोमॅटो, पुरंदरचे सीताफळ, हे सगळे अमेरिकेतूनच आलेले. पिठले-भाकरीबरोबरचा ठेचासुद्धा ताटातून उठवावा लागेल. शाळेच्या वाटेवर आपण ज्या विलायती चिंचा पाडून खाल्ल्या, ते झाडही मेक्सिकोकडचे आणि काटेरीच. पण त्याला कोणी वेडे म्हणत नाही, कारण ते जागा सोडून वागत नाही. उलट १९५५ साली पुण्यात प्रथम नजरेस आलेले गाजर गवत सगळ्या देशात पसरले, तेही अमेरिकेचेच. म्हणजे प्रश्न जातीचा नाही, वागण्याचा आहे. आणि वागणे बऱ्याच अंशी मोकळ्या सुटलेल्या जमिनीवर अवलंबून आहे.

तर मग करावे काय? उदाहरण शोधायला फार लांब जावे लागत नाही. घोड नदीचा पूल ओलांडला की अहिल्यानगर जिल्हा लागतो. पारनेर तालुक्यातले राळेगणसिद्धी आणि नगर तालुक्यातले हिवरे बाजार यांनी चराईबंदी आणि कुऱ्हाडबंदी गावाने ठरवून पाळली. माळाला पुन्हा धनी मिळाला आणि गवत परत आले. तेथल्या कामाचे पोवाडे आपण पुष्कळ ऐकले आहेत. मला त्यातली एकच अडचण सांगायची आहे: चराईबंदीचा पहिला फटका बसतो तो ज्याच्याकडे दोन शेळ्यांखेरीज काही नाही त्याला. म्हणून आपल्याकडे हे करायचे झाल्यास आरंभ शेळीवाल्यांच्या आणि जळण आणणाऱ्या बायांच्या बैठकीने व्हावा, सरपंचाच्या भाषणाने नव्हे. गायरानाचे तुकडे पाडावेत. एका वर्षी एकच तुकडा साफ करावा, त्यातले सगळे लाकूड त्या बायांना मिळावे, तोडणीची मजुरी रोजगार हमीसारख्या सरकारी कामातून रोख मिळावी, ठेकेदार मध्ये नसावा. साफ झालेल्या तुकड्यात लगेच मारवेल, पवन्या पेरावे, कडेने बोर, हिवर, गावठी बाभूळ लावावी, आणि दोन-तीन पावसाळे तेथे जनावर सोडू नये. बाकीचा माळ तोवर शेळ्यांना मोकळा. गवत कापून नेण्याचा हक्क पहिल्यांदा त्यांचा, ज्यांनी चराई सोडली. आणि एक तुकडा वेड्या बाभळीचाच ठेवावा, सरपणासाठी, शेंगा धरण्याआधी छाटून छाटून. हे ऐकून काही अध्यापक नाराज होतील, पण ज्या घरात बंब पेटायचा आहे तेथे मी निर्मूलनाचा शंभर टक्के आग्रह धरू शकत नाही.

आता आपल्याकडे वळतो. दरवर्षी राष्ट्रीय सेवा योजनेचे शिबिर एखाद्या गावी जाते. आपण रस्ता झाडतो, खड्डे घेतो, रोपे लावतो, समारोपाला पाहुणे येतात. पुढच्या उन्हाळ्यात त्यांतली रोपे किती जगली हे पाहायला कोणी जात नाही. त्याऐवजी सलग पाच वर्षे एकाच गावच्या गायरानाचा एकच तुकडा धरावा, अशी माझी सूचना आहे. भूगोल विभागाने त्याचा नकाशा करावा, अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी कोणत्या घरात किती मोळ्या जळतात याची नोंद ठेवावी, मराठीच्या मुलांनी म्हाताऱ्या गुराख्यांकडून जुन्या गवतांची नावे लिहून घ्यावीत. ती नावे आता त्यांच्याबरोबरच चालली आहेत.

शिबिराला जाताना कुऱ्हाडी कमी आणि टिकाव-पहारी जास्त न्याव्यात. जोधपूरच्या मेहरानगड किल्ल्याखाली २००६ पासून राव जोधा उद्यान उभे राहिले, तेथे खडकाळ जमिनीतून हीच बाभूळ काढताना तज्ज्ञांचे सगळे उपाय थकले. शेवटी दगडाच्या खाणीत काम करणारे खंडवालिया बोलावले गेले. त्यांनी छिन्नी-हातोड्याने खडक फोडून एकेक झाड मुळाच्या गाठीसकट बाहेर काढले. ही गाठ जमिनीच्या किंचित खाली असते. सारे नवे कोंब तिच्यातूनच फुटतात. वरून बुंधा कितीही साफ कापला आणि गाठ तेवढी राहिली, तर श्रावणापर्यंत झाड पुन्हा कमरेएवढे होते. आपल्याकडच्या माळाखालीही मुरूम आणि खडकच आहे. वडारवस्तीतल्या दोन जाणत्या माणसांना शिबिराच्या पहिल्या दिवशी बोलवावे, त्यांना पाहुण्यांइतकेच मानधन द्यावे, आणि गाठ कशी काढायची ते त्यांच्याकडून शिकून घ्यावे. काम मार्च-एप्रिलात, उन्हाळी शेंगा पिकून गळायच्या आत झाले पाहिजे. परीक्षा त्याच सुमारास असतात, तेव्हा वेळापत्रकाचे काय करायचे ते प्राचार्यांनी पाहावे.